आदेश झाला, अंमल नाही: इंदूरच्या हायकोर्टात कंटेम्प्ट लावताना काय, कधी आणि कुठल्या क्रमानं

मागच्या उन्हाळ्यात रामबागेतल्या एक निवृत्त शिक्षिका आमच्या चेंबरमध्ये आल्या. हातात कापडी पिशवी, पिशवीत अकरा स्मरणपत्रं, प्रत्येकाची झेरॉक्स वेगळी. क्रमोन्नतीच्या (ठरावीक वर्षांच्या सेवेनंतर मिळणाऱ्या वरच्या वेतनश्रेणीच्या) थकबाकीचा आदेश हायकोर्टातून त्यांच्या बाजूनं झालेला. वकीलसाहेबांनी सगळे कागद टेबलावर पत्त्यांसारखे मांडले आणि एकच विचारलं, "ताई, आदेशाची प्रत ऑफिसात कोणत्या तारखेला दिलीत?"

प्रत साध्या पोस्टानं गेली होती. पोच नाही. उलट पहिल्याच स्मरणपत्रात त्यांनी स्वतःच्या हातानं लिहून ठेवलं होतं की मुदत संपूनही आदेशाचं पालन झालेलं नाही. म्हणजे प्रत पोचल्याचा पुरावा नव्हता आणि मुदत संपल्याची कबुली मात्र होती. त्या कबुलीपासून मोजलं तर वर्ष उलटून अठरा दिवस झाले होते.

मी वकील नाही. वकिलाचा मुंशी आहे, बावीस वर्षं फायली लावतोय. कायद्याचा अर्थ लावणं साहेबांचं काम. पण कंटेम्प्टची, म्हणजे न्यायालयाच्या अवमानाची, फाइल कुठे फसते ते मला रोज दिसतं, आणि ती बहुतेक वेळा कायद्यावर नाही, तारखेवर आणि पोचपावतीवर फसते. म्हणून हा लेख त्याच दोन गोष्टींवर जास्त रेंगाळणार आहे.

## १. आधी ठरवा: हे कंटेम्प्टचं प्रकरण आहे का

न्यायालय अवमान कायदा १९७१ चा. त्याच्या कलम २(ब) मध्ये दिवाणी अवमानाची व्याख्या आहे: न्यायालयाचा निर्णय, हुकूमनामा, निर्देश, आदेश किंवा रिट जाणूनबुजून न पाळणं, किंवा न्यायालयाला दिलेली हमी जाणूनबुजून मोडणं. सगळा भार त्या 'जाणूनबुजून'वर आहे. उशीर झाला एवढ्यानं अवमान होत नाही. आदेश माहीत होता, पाळणं हातात होतं, तरी पाळला नाही, हे तिन्ही दाखवावं लागतं.

आता तुमचा आदेश काय म्हणतो ते बघा.

'अमुक रक्कम ९० दिवसांत द्या', 'वेतन पुन्हा निश्चित करा' असा सरळ निर्देश असेल तर कंटेम्प्ट बसतो.

'अभ्यावेदनावर (म्हणजे तुम्ही विभागाला दिलेल्या अर्जावर) ६० दिवसांत निर्णय घ्या' एवढंच असेल तर तुमचा हक्क फक्त निर्णय मिळण्याचा आहे, पैसे मिळण्याचा नाही. अधिकाऱ्यानं अभ्यावेदन फेटाळलं तरी आदेशाचं पालन झालं. आमच्याकडे येणारे निम्मे लोक इथेच चुकतात. केस जिंकली म्हणून पेढे वाटलेले असतात आणि हातात असतो तो केवळ 'विचार करा' असा आदेश.

दिवाणी कोर्टाचा पैशाचा हुकूमनामा असेल तर रस्ता अंमलबजावणीचा, म्हणजे दिवाणी प्रक्रिया संहितेचा आदेश २१. मनाईहुकूम मोडला असेल तर आदेश ३९ नियम २-अ खाली त्याच कोर्टात अर्ज करायचा. ग्राहक आयोगाचा आदेश असेल तर २०१९ च्या कायद्याची कलमं ७१ आणि ७२. केंद्र सरकारी कर्मचाऱ्याला कॅटनं, म्हणजे केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरणानं, आदेश दिला असेल तर अवमानही कॅटपुढेच. १९८५ च्या प्रशासकीय न्यायाधिकरण कायद्याच्या कलम १७ नं तो अधिकार कॅटला दिलेला आहे. या सगळ्यांना 'कंटेम्प्ट टाकून देऊ' हे उत्तर नव्हे.

तपासा: आदेश कोणत्या खंडपीठाचा आहे? ज्या पीठानं दिला तिथेच कंटेम्प्ट लागतो. धार, देवास, उज्जैन, रतलाम, खरगोन ही इंदूरकडची. पण खंडवा आणि बुऱ्हाणपूर जबलपूरला जातात. बुऱ्हाणपूरची मराठी मंडळी इंदूर जवळ म्हणून इथे येतात आणि हात हलवत परत जातात.

## २. प्रमाणित प्रत घ्या आणि शेवटचा परिच्छेद तीनदा वाचा

वेबसाइटवरून उतरवलेली प्रत वाचायला ठीक. ऑफिसात द्यायला मात्र प्रमाणित प्रत काढा, निदान दोन. आदेशाच्या तळाशी 'सी.सी. अॅज पर रूल्स' (नियमाप्रमाणे प्रमाणित प्रत) असं लिहिलेलं असतं ते याचसाठी.

प्रत हातात आली की नाव, पद, याचिकेचा क्रमांक, सेवेचा कालावधी, रक्कम हे सगळं बोट ठेवून वाचा. टंकनात 'याचिकाकर्ता क्रमांक २' च्या जागी १ पडलेलं मी पाहिलंय. ऑफिसातल्या बाबूला तेवढं निमित्त पुरतं. चूक दिसली तर दुरुस्तीचा अर्ज आधी, बाकी सगळं नंतर.

मग मुदतीचं वाक्य शोधून त्याखाली पेन्सिलीनं रेघ मारा. मुदत तीन तऱ्हांनी येते: आदेशाच्या तारखेपासून, आदेशाची प्रमाणित प्रत मिळाल्यापासून किंवा सादर केल्यापासून, किंवा मुदतीचा उल्लेखच नाही. आपल्याकडे दुसरी तऱ्हा फार दिसते. तिचा सरळ अर्थ असा की तुम्ही प्रत देत नाही तोवर घड्याळ सुरूच होत नाही. आदेश झाला म्हणून घरी बसून तीन महिने मोजणाऱ्यांचे ते तीन महिने पाण्यात जातात.

मुदत दिलेलीच नसेल तर 'वाजवी वेळ' धरली जाते, आणि वाजवी म्हणजे किती यावर प्रत्येक वकिलाचं मत वेगळं. आमचे साहेब अशा वेळी प्रत देतानाच्या पत्रात स्वतःहून एक तारीख घालायला लावतात. ती कोर्टाला बांधत नाही, पण फायलीला एक खुंटी मिळते.

## ३. आदेश पोचवा आणि पोचल्याचा पुरावा तयार करा

या टप्प्यावर जेवढा वेळ घालाल तेवढा पुढे वाचेल.

प्रतीसोबत एक पानाचं पत्र जोडा. पत्र हिंदीत लिहा. तुमचं मराठी कितीही शुद्ध असलं तरी टिपण हिंदीत चढतं, आणि टिपण लिहिणाऱ्याला त्रास झाला की फाइल खाली जाते. पत्रात एवढंच असावं: याचिकेचा क्रमांक, आदेशाची तारीख, निर्देशाचा परिच्छेद जसाच्या तसा, 'प्रमाणित प्रत सोबत जोडली आहे' हे वाक्य, तुमचा कर्मचारी कोड किंवा पीपीओ (पेन्शन अदायगी आदेश) क्रमांक, बँकेचा तपशील. अन्यायाची कहाणी नको. ती कोर्टानं ऐकून झाली.

प्रत कुणाला द्यायची? ज्याच्या सहीनं काम होतं त्याला, आणि जो मूळ याचिकेत पक्षकार होता त्यालाही. शाळेच्या प्रकरणात संकुल प्राचार्य, जिल्हा शिक्षण अधिकारी आणि भोपाळचे लोक शिक्षण आयुक्त असे तिघे असू शकतात. पेन्शनचं असेल तर जिल्हा पेन्शन अधिकारीही. एकाला देऊन 'ते वर पाठवतील' यावर राहू नका. वर पाठवलं जातं, नाही असं नाही, पण ते कधी पाठवलं याचा कागद तुमच्याजवळ नसतो.

तीन वाटांनी द्या.

पहिली वाट हाताची. आवक-जावक शाखेत जा, मूळ पत्र आणि सोबत त्याच पत्राची दुसरी प्रत घेऊन. दुसऱ्या प्रतीवर आवक शिक्का घ्या. शिक्का म्हणजे नुसता गोल ठसा नव्हे. त्यात तारीख दिसली पाहिजे, आवक क्रमांक हातानं घातलेला पाहिजे आणि घेणाऱ्याची सही पाहिजे. बाबू ठसा मारून कागद सरकवतो. तारखेचे आकडे बहुतेक वेळा पुसट असतात, कारण शाईची गादी वाळलेली असते. तिथल्या तिथे म्हणा, "भैयाजी, तारीख एक बार पेन से भी डाल दीजिए." या एका वाक्यानं वाचलेल्या फायली मी मोजल्या नाहीत, पण बऱ्याच आहेत.

दुसरी वाट स्पीड पोस्टची, पोचपावतीसह. जुनं रजिस्टर्ड पोस्ट २०२५ मध्ये स्पीड पोस्टात विलीन झालं, त्यामुळे खिडकीवर 'रजिस्ट्री' मागून गोंधळ घालू नका. पावती थर्मल कागदाची असते, चार-सहा महिन्यांत कोरी होते. त्याच दिवशी झेरॉक्स काढा. ट्रॅकिंगवर 'डिलिव्हर्ड' दिसलं की ते पानही लगेच छापून ठेवा. ती नोंद वेबसाइटवर कायम राहत नाही.

तिसरी वाट अधिकृत ई-मेलची. एकटी पुरेशी नाही, जोडीला चांगली.

सावध: सीएम हेल्पलाइन १८१ वर तक्रार टाकली, मंगळवारच्या जनसुनवाईत अर्ज दिला, म्हणजे आदेश पोचवला असं होत नाही. तिथून फार तर 'प्रकरण संबंधित विभागाकडे पाठवले' असा संदेश येतो. प्रमाणित प्रत जोडून, संबंधित अधिकाऱ्याच्या कार्यालयात दिलेलं पत्र हेच खरं.

कुणी म्हणेल, सरकारी वकील कोर्टात हजर होता, मग ऑफिसला माहीत नाही कसं? हा युक्तिवाद आहे, आणि करावाही. पण शिक्का हाताशी असताना युक्तिवादावर का विसंबायचं?

## ४. तारीख मोजा, कागदावर

१९७१ च्या कायद्याचं कलम २० म्हणतं की अवमान घडल्याच्या तारखेपासून एक वर्ष उलटल्यावर कार्यवाही सुरू करता येत नाही. पल्लव शेठ प्रकरणात २००१ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं हे स्पष्ट केलं की वर्षाच्या आत याचिका दाखल झाली तर पुरे. कोर्टानं त्याच वर्षात नोटीस काढलेली असलीच पाहिजे असं नाही. तरीही दाखल तुम्हीच करायची आहे, आणि वेळेत.

उदाहरण घेऊ. आदेश १३ जानेवारी २०२५ चा. मुदत 'प्रमाणित प्रत सादर केल्यापासून ९० दिवस'. प्रत दिली ५ फेब्रुवारी २०२५ ला. तो दिवस सोडून ९० मोजले की ६ मे येतो. ६ मे संपेपर्यंत अधिकारी मोकळा. ७ मे २०२५ ला अवमान घडला. तुमचं वर्ष ६ मे २०२६ ला संपलं असं धरून चाला.

आता त्याच आदेशात '९० दिवस' ऐवजी 'तीन महिने' असतं तर मुदत ५ मे ला संपली असती. एका दिवसाचा फरक. आणि 'आदेशाच्या तारखेपासून ९० दिवस' असतं तर १३ एप्रिललाच. म्हणून म्हटलं, ते वाक्य तीनदा वाचा.

लोक सगळ्यात जास्त कुठे फसतात? स्मरणपत्रांत. 'आत्ताच तर स्मरणपत्र दिलंय, त्याचं उत्तर येऊ दे.' स्मरणपत्रानं मुदत वाढत नाही. अकरा दिली तरी नाही. ऑफिसातून 'प्रकरण प्रक्रियाधीन आहे' असं उत्तर आलं तरी नाही. कुणी म्हणतं, रोज आदेश मोडतोय म्हणजे रोज नवा अवमान. एका ठरलेल्या तारखेला करायचं काम झालं नाही, तर त्याचे परिणाम पुढे चालू राहिले म्हणून तो चालू अपराध होतोच असं नाही. २०२४ च्या एस. तिरुपती राव निकालात सर्वोच्च न्यायालयानं याच मुद्द्यावर कान उपटले आहेत. त्या आशेवर वर्ष घालवू नका.

दुसरी फसगत अपिलाची. विभाग म्हणतो, 'आम्ही रिट अपील केलंय.' करू दे. अपील केल्यानं स्थगिती मिळत नाही. स्थगितीचा आदेश दाखवा म्हणावं. मात्र अपिलासोबत स्थगितीचा अर्ज खरोखर प्रलंबित असेल, तर कंटेम्प्ट कोर्ट बहुधा आधी त्याचा निकाल लागू देतं. मॉडर्न फूड इंडस्ट्रीज निकालात १९९५ मध्ये तसंच सांगितलं आहे. आणि स्थगिती मिळाली असेल तर त्या काळात अवमान नाही, गप्प बसा आणि अपिलात लढा.

तपासा: फायलीच्या आतल्या पुठ्ठ्यावर चार तारखा पेननं लिहा: आदेशाची, प्रत दिल्याची, मुदत संपल्याची, वर्ष संपण्याची. चौथीच्या दोन महिने आधी याचिका दाखल झालेली असावी, कारण मध्ये मे-जूनची सुट्टी येते, वकिलाच्या घरचं लग्न येतं, आणि शपथपत्रावर सही करायला तुम्ही नेमके पुण्याला मुलाकडे गेलेले असता.

वर्ष उलटलंच तर? आदेश मरत नाही, कंटेम्प्टचं दार बंद होतं. अंमलबजावणीसाठी दुसरा रस्ता वकिलाबरोबर बसून शोधावा लागतो, आणि तो लांबचा असतो. रामबागेच्या बाई सध्या त्याच रस्त्यावर आहेत.

## ५. एक नोटीस, फक्त एक

दाखल करण्याआधी नोटीस दिलीच पाहिजे असं कायदा म्हणत नाही. तरी द्यावी. 'जाणूनबुजून' दाखवायला तिच्यासारखा कागद नाही, आणि खरं सांगायचं तर बरीच कामं नोटिशीवरच होतात. प्रत पुन्हा जोडा, मुदत कधी संपली ते लिहा, पंधरा दिवस द्या, अन्यथा १९७१ च्या कायद्याखाली याचिका दाखल करू असं लिहा. बस्स.

'तुम्हाला तुरुंगात पाठवीन', 'निलंबित करवीन' असं लिहू नका. ती नोटीस उद्या कोर्टात जोडपत्र म्हणून लागणार आहे आणि न्यायमूर्ती ती वाचणार आहेत.

## ६. कुणाविरुद्ध: पद नव्हे, माणूस

रिट याचिकेत 'मध्य प्रदेश शासन, मार्फत प्रमुख सचिव' चालतं. कंटेम्प्टमध्ये शासनाला तुरुंगात धाडता येत नाही. इथे नाव लागतं: अमुक अमुक, पद, कार्यालय. नाव विभागाच्या वेबसाइटवर, पदस्थापनेच्या आदेशात किंवा ऑफिसातल्या दारावरच्या पाटीवर मिळतं. शेवटचा उपाय माहितीचा अधिकार. पण त्यात महिना जातो, म्हणून तो अर्ज चौथ्या टप्प्यातच टाकून ठेवा.

बदल्या ही इथली खरी डोकेदुखी. मुदत चालू असताना 'अ' होता, मुदत संपली तेव्हा 'ब' आला, याचिका लावेपर्यंत 'क'. बहुतेक वेळा आम्ही मुदत संपताना पदावर असलेल्याला घेतो, आणि आत्ता जो आहे त्याला प्रत देऊन, नोटीस देऊन, मग घेतो. ज्याला आदेश कधी कळवलाच नाही अशा माणसाचं नाव टाकलं तर पहिल्याच पेशीला (सुनावणीच्या तारखेला) सरकारी वकील हात वर करतो.

उगाच मुख्य सचिवांचं नाव घालायची हौसही नको. वजन पडेल असं वाटतं. पडत नाही, उलट ज्याच्या टेबलावर फाइल अडली आहे तो गर्दीत लपतो. कुणाच्या अधिकारात काम आहे हे ठरवून एक-दोन नावं, फार तर तीन.

## ७. याचिका लिहिताना

वकीलच लिहितील, पण कच्चा मजकूर तुमच्याकडून जाणार. इंदूरच्या नोंदणीत या प्रकाराला 'कॉन्क' म्हणतात, कारण संगणकात क्रमांकाच्या आधी तीच अक्षरं येतात. याचिका संविधानाच्या अनुच्छेद २१५ आणि १९७१ च्या कायद्याच्या कलम १२ खाली लावतात. महाधिवक्त्यांची परवानगी लागते का, असं फार लोक विचारतात. ती फौजदारी अवमानासाठी. दिवाणी अवमानाला लागत नाही.

मजकुराचा क्रम असा ठेवा: आदेश काय होता (परिच्छेद जसाच्या तसा), प्रत कधी आणि कशी दिली, मुदत कधी संपली, नोटीस कधी दिली, आजपर्यंत काय झालं नाही, आणि एका परिच्छेदात हे जाणूनबुजून कसं. त्या शेवटच्या परिच्छेदासाठी घटना हव्यात, विशेषणं नकोत. 'प्रतिवादी उर्मट व मग्रूर आहेत' याला किंमत शून्य. 'त्याच आदेशातल्या दुसऱ्या याचिकाकर्त्याला मार्चमध्ये रक्कम दिली, मला नाही' हे वाक्य सोन्याचं.

मागणीत नवीन काही घालू नका. आदेशात व्याज नव्हतं तर कंटेम्प्टमध्ये व्याज मागता येत नाही. कंटेम्प्ट कोर्ट मूळ आदेशाच्या चौकटीबाहेर जात नाही. सुधीर वासुदेव निकालात २०१४ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं हे नीट सांगितलंय. व्याज हवं होतं तर ते रिटच्या वेळी मागायचं होतं.

जोडपत्रं तारखेच्या क्रमानं: प्रमाणित प्रत, शिक्क्याचं पत्र, पोस्टाची पावती आणि ट्रॅकिंग, नोटीस, तिची पोच, आलेलं उत्तर असल्यास तेही. गैरसोयीचं उत्तर लपवू नका. समोरचा लावणारच, आणि मग लपवलं कुणी हा प्रश्न उभा राहतो.

फीची अडचण असेल तर हायकोर्टाच्या विधी सेवा समितीकडे जा. १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याप्रमाणे स्त्रियांना मोफत विधी साहाय्य मिळतं, त्याला उत्पन्नाची अट नाही. लोकमान्य नगर-राजेंद्र नगरकडच्या किती तरी विधवा पेन्शनरांना हे माहीतच नसतं, आणि काहींना माहीत असूनही लाज वाटते. लाजू नका.

## ८. दाखल केल्यावर: डिफॉल्ट आणि पीएफ

एम.जी. रोडवरच्या इमारतीत फाइल गेली की रजिस्ट्री तपासते आणि उणिवा काढते. त्यांना इथे 'डिफॉल्ट' म्हणतात: पान अस्पष्ट, हिंदी जोडपत्र वाचता येत नाही, शपथपत्रावर तारीख नाही. ते दिलेल्या मुदतीत भरून काढा.

त्याहून घातक पीएफ, म्हणजे प्रोसेस फी. पहिल्या पेशीला कोर्ट सहसा लिहितं की सात कामकाजाच्या दिवसांत प्रोसेस फी भरल्यावर प्रतिवादींना नोटीस काढा. बऱ्याचदा पुढे असंही असतं की न भरल्यास याचिका आपोआप खारीज. ही फी किरकोळ असते. पण पक्षकाराला वाटतं नोटीस निघाली, वकिलाला वाटतं मुंशीनं भरली, मुंशीला वाटतं पाकिटं आणि पत्ते पक्षकार आणून देणार. आठव्या दिवशी याचिका नाही. मग ती पुन्हा जिवंत करायला वेगळा अर्ज, वेगळी तारीख. पेशीच्या संध्याकाळीच आदेश वेबसाइटवर वाचा आणि दुसऱ्या दिवशी चेंबरला फोन करून विचारा, "पीएफ भरला का?" मुंशी वैतागेल. वैतागू दे.

## ९. नोटिशीनंतर काय होतं, काय होत नाही

पहिल्या तारखेला अटक होत नाही. दुसऱ्याही नाही. कलम १२ मध्ये जास्तीत जास्त शिक्षा सहा महिने साधी कैद किंवा दोन हजार रुपये दंड, किंवा दोन्ही. आणि माफी समाधानकारक वाटली तर तीही माफ. दंड झालाच तर तो तुमच्या खात्यात येत नाही. शिक्षा बघायला जाणाऱ्याची निराशा होते. पालन पदरात पाडायला जाणाऱ्याला बहुधा काहीतरी मिळतं.

साधारण असं घडतं: सरकारी वकील वेळ मागतो. मग पालन अहवाल येतो, किंवा मुदतवाढीचा अर्ज येतो, किंवा काहीच येत नाही. काहीच आलं नाही तर कोर्ट उत्तर मागवतं, हजर राहायला सांगतं, जामीनपात्र वॉरंट काढतं. पुढे दोषारोप ठेवले जातात आणि सुनावणी होते. अधिकाऱ्यांना प्रत्यक्ष उभं करण्याबद्दल सर्वोच्च न्यायालयानं ३ जानेवारी २०२४ च्या निकालात कार्यपद्धती घालून दिली. त्यात आधी व्हिडिओवरून हजेरीचा पर्याय आहे. तेव्हा 'साहेब कोर्टात का आले नाहीत' म्हणून चिडू नका.

मुदतवाढीचा अर्ज आला तर आंधळेपणानं विरोधही नको. तीस दिवसांत काम करतो अशी हमी नोंदवून घेतली तर ती मोडणं हा वेगळा अवमान आहे. पुष्कळदा हीच हमी शिक्षेपेक्षा जास्त कामाची ठरते.

## १०. 'पालन झालं' असा कागद आला की

पेशीच्या आदल्या संध्याकाळी अहवाल वकिलाच्या हातात पडतो आणि सकाळी 'पालन झालं' म्हणून याचिका निकाली निघते. त्याआधीच्या रात्री एवढं बघा: गणनापत्रक जोडलंय का? कोणत्या महिन्यापासून कोणत्या महिन्यापर्यंत? वेतनश्रेणी आदेशातलीच का? महागाई भत्त्याचा फरक धरलाय का? रक्कम खरंच खात्यात आली की नुसतं देयक कोषालयात पाठवलंय? 'देयक कोषालयाला सादर' म्हणजे पैसे मिळाले असं नव्हे. पासबुक भरून आणा.

चार पंचमांश काम झालं असेल तर उरलेल्याचा नेमका आकडा लिहून वकिलाला द्या. 'कमी दिलं' एवढ्यानं चालत नाही. कमी किती?

आणि आदेश काढला, पण तुमच्या मते चुकीचा काढला, तर? जे. एस. परिहार निकालापासून, म्हणजे १९९६ पासून, हे ठरलेलं आहे: पालनासाठी आदेश निघाला की तो बरोबर की चूक हे कंटेम्प्टमध्ये ठरत नाही. त्याला नव्या याचिकेत आव्हान द्यायचं. वकिलाला सांगून निकालात तशी मोकळीक नोंदवून घ्या.

## ११. फेटाळली तर

कलम १९ खालचं अपील शिक्षा झालेल्यासाठी आहे. तुमची याचिका फेटाळली किंवा नोटीस मागे घेतली तर त्या कलमाखाली अपील नाही; मिदनापूर बँक प्रकरणात २००६ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं हे सांगून ठेवलंय. राहतो तो अनुच्छेद १३६ खाली दिल्लीचा, म्हणजे सर्वोच्च न्यायालयाचा, रस्ता, आणि तोही कोर्टाच्या मर्जीवर. त्यामुळे फेटाळण्याचं कारण वाचा. 'प्रत दिल्याचा पुरावा नाही' म्हणून गेली असेल आणि आदेशातली मुदत प्रत दिल्यापासून मोजायची असेल, तर वकिलाला विचारून प्रत आज पुन्हा, या वेळी शिक्क्यासकट द्या.

थकबाकी खात्यात आल्यावरही फाइल रद्दीत घालू नका. सुधारित पीपीओ, गणनापत्रक आणि आदेशाची ती दुसरी प्रमाणित प्रत एका प्लास्टिकच्या पाकिटात घालून घरच्यांना जागा दाखवून ठेवा. कुटुंब पेन्शनची वेळ येते तेव्हा खिडकीवरचा बाबू पुन्हा तोच कागद मागतो.